तळणीवरून उठा आणि मॅच बघा



गेल्या आठवड्यात आमच्या मंदिराच्या महिला मंडळाच्या ग्रुपवर मी एक साधा निरोप टाकला. १९ जानेवारीला कॉलेज फुटबॉलचा अंतिम सामना आहे, सोमवार आहे, सुट्टी आहे, तर आमच्याकडे या. जेवण सूर्यास्ताच्या आत. मग सगळ्या जणी हॉलमध्ये बसून मॅच बघू. ज्यांना नियम माहीत नाहीत त्यांना मी सांगेन. एवढंच.

दोन तास ग्रुपवर शुकशुकाट. मग एका वहिनींचं उत्तर आलं. एकमेकांना आडवं पाडायचा खेळ, तो बघणं म्हणजे हिंसेची अनुमोदना, श्राविकेला हे शोभतं का? खाली सतरा जणींनी हात जोडलेले.

मी त्या सतरा नावांची यादी पुन्हा पुन्हा वाचली. कारण त्यातल्या निम्म्या जणींच्या घरी दरवर्षी त्या रात्री मॅच लागते, हे मला ठाऊक आहे. वीस-पंचवीस माणसं येतात. घरातले पुरुष आणि मुलं टीव्हीपुढे, आणि ह्या स्वयंपाकघरात कच्च्या केळ्याचे वडे तळत उभ्या. मीही बारा वर्षं तशीच उभी होते, त्यामुळे ती जागा मला चांगली माहीत आहे. कोलंबसमध्ये राहून फुटबॉल टाळता येत नाही. ओहायो स्टेट विद्यापीठ गावातच आहे, आणि शरद ऋतूत शनिवारी सामना असला की गाडी घेऊन मंदिरात जायचं तरी रस्ते बघून निघावं लागतं. म्हणजे खेळ आपल्या घरात आहेच. तो आहे की नाही हा प्रश्नच नाही. आपण घरातल्या कुठल्या खोलीत असतो, एवढाच प्रश्न आहे.

आता अनुमोदनेचं बोलू, कारण वहिनींनी तो शब्द वापरला आणि तो शब्द माझ्याही जिव्हाळ्याचा आहे. लहानपणी पाठशाळेत आपण घोकलेलं आहे: कृत, कारित, अनुमोदना. स्वतः केलेलं, दुसऱ्याकडून करवलेलं, आणि दुसऱ्याने केलेल्याला मनातून होकार दिलेला. तिन्हींचा बंध पडतो. मग सांगा, हॉलमध्ये बसून बघणाऱ्या नवऱ्याला अनुमोदनेचा दोष लागतो, आणि त्याला गरम वडा नेऊन देणाऱ्या, पाहुण्यांना बोलावणाऱ्या, मोठा टीव्ही घ्यायला होकार देणाऱ्या बाईला लागत नाही, हा हिशेब कुठल्या शास्त्रातला? पाठमोरी उभी राहून तळलं म्हणून तेलाची फोड हातावर यायची थांबते का?

माझ्या ओळखीत एक मावशी आहेत. त्यांनी आणि काकांनी नियम घेतलाय, घरात मारामारीचा कुठलाही खेळ लागणार नाही. अंतिम सामन्याच्या रात्री ते दोघं स्वाध्याय करतात आणि नऊला झोपतात. मुलगा शेजारच्यांकडे जाऊन बघतो, त्याला त्या अडवत नाहीत, पण त्याच्या मित्रांसाठी फराळही करून पाठवत नाहीत. त्यांच्यापुढे मी वाकून नमस्कार करेन. तो त्याग आहे. आपलं चाललंय तो त्याग नव्हे, ती सोय आहे. बघायचं नाही म्हणून पुण्य, आणि पाहुणचार केला म्हणूनही पुण्य.

मी ही सोय का मोडली ते सांगते, कारण हौस म्हणून मोडलेली नाही.

दीड वर्षापूर्वी, धाकटा आठवीत जायच्या आधीच्या उन्हाळ्यात, शाळेच्या फुटबॉल संघासाठी नाव द्यायचा कागद घेऊन आला. माझी सही हवी होती. मी वाचलासुद्धा नाही. नाही म्हटलं. का, तर डोकी फुटतात, हाडं मोडतात, आपल्यात असलं खेळत नाहीत. तो शांतपणे म्हणाला, "मम्मी, तू एकदा तरी एक पूर्ण मॅच बघितलीस का?" मी म्हटलं, बघायची गरज काय. तो म्हणाला, "मग तुला काय माहीत?" आणि कागद टेबलावर ठेवून वर गेला.

पोराने उलट उत्तर दिलं म्हणून राग आला, पण झोप लागेना ती वेगळ्या कारणाने. उत्तर बरोबर होतं. देवाच्या दारात आपण सम्यक ज्ञान, सम्यक दर्शन म्हणतो, आणि घरात पोराला सांगायची वेळ आली की ऐकीव गोष्टीवर निकाल देतो. बारा वर्षं माझ्याच घरात तो खेळ चालू होता आणि मला एवढंच ठाऊक होतं की आरडाओरडा झाला की भज्यांचा पुढचा घाणा सोडायचा.

म्हणून २० जानेवारी २०२५ ला मी पहिल्यांदा बसले. ओहायो स्टेट विरुद्ध नोत्र दाम, मैदान अटलांटाचं. बाहेर हाडं गोठवणारी थंडी. सासूबाई सांगलीहून आलेल्या, त्यांनाही शेजारी बसवलं. आमचे हे म्हणाले, "आणि खायचं?" मी म्हटलं, खाऊन झालंय.

खरंच झालं होतं, आणि हा भाग मी जरा सविस्तर सांगणार आहे, कारण सगळा गोंधळ इथूनच सुरू होतो. अंतिम सामना ईस्टर्न वेळेप्रमाणे रात्री साडेसातच्या सुमारास सुरू होतो आणि जाहिरातींसकट अकराच्या पुढे जातो. आमच्याकडे जानेवारीत सूर्य साडेपाचच्या सुमारास मावळतो. दोन घटका आधी तोंड बंद करायचं म्हटलं तर पावणेपाचला ताट उचललेलं हवं. म्हणजे ज्या घरात रात्रीभोजनाचा त्याग आहे, त्या घरात या सामन्यात खाण्याला जागाच नाही! पर्युषणात दहा-दहा उपवास करणारी आपली माणसं त्या रात्री साडेनऊला नाचोज खातात आणि आपण ते वाढतो. कॅलिफोर्नियातल्या बहिणींचं वेगळं. तिकडे सामना दुपारी साडेचारला लागतो, त्यांना पहिल्या क्वार्टरपर्यंत तरी सूट मिळते. आपल्याला नाही.

आणि खातो तरी काय? अमेरिकन लोकांचं बघून सात थरांचं डिप करायचं, त्यात कांदा-लसूण नको म्हणून काढायचा, आणि राजम्याच्या लगद्यावर कच्चं सावर क्रीम ओतायचं. द्विदल झालं की ते! कांदा काढला आणि द्विदल वाढलं. विंग्जच्या ऐवजी फ्लॉवर तळायचा. ज्या फ्लॉवरला आपल्या आजीने कीड असते म्हणून घरात घेतलं नाही, तो. चीजमध्ये प्राण्याचं रेनेट आहे का ते पाकीट कोण बघतं? एवढी काळजी घेत, एवढे अपवाद करत आपण जे रांधतो ते ना धड त्यांचं ना धड आपलं. मी त्या दिवशी चार वाजता मुगाची खिचडी, कढी आणि भाजलेले पापड केले. पाहुण्यांना आधीच सांगितलं होतं, साडेचारला या. पहिल्या वर्षी तिघं जण उशिरा आले आणि उपाशी बसले. त्यांनाही काही झालं नाही.

आता बघायचं कसं. मला कुणी सांगितलं नव्हतं, म्हणून सांगते.

पहिली गोष्ट, चेंडूकडे बघू नका. नव्या माणसाची तीच चूक होते. चेंडू कुणाच्या हातात आहे ते आपल्याला दिसत नाही, डाव सुरू होतो आणि पाच सेकंदांत संपतो, वाटतं की आपल्याला काही कळत नाही, आणि मग आपण उठून चहा टाकतो. त्याऐवजी पहिला एक सेकंद मधल्या रांगेकडे बघा. दोन्ही बाजूंचे धिप्पाड गडी समोरासमोर वाकून बसलेले असतात. चेंडू मागे दिला गेला की ते एकमेकांवर चालून जातात. आपल्या शेतातल्या बैलांना शिंगं भिडवताना बघितलंय ना, तसे. त्या रांगेने वाट दिली तर धावणारा पुढे जातो, रांगेने तटवलं तर मागच्या क्वार्टरबॅकला चेंडू फेकायला वेळ मिळतो. टीव्हीवाले चेंडूमागे पळतात, म्हणून हे दिसत नाही. ईएसपीएन त्या रात्री आपल्या इतर वाहिन्यांवर तोच सामना वेगळ्या कोनांतून दाखवतं. एकावर मैदानावर ताणलेल्या तारांवरून फिरणाऱ्या कॅमेऱ्याचं, खेळाडूंच्या मागून दिसणारं चित्र असतं. मला त्यावर पहिल्यांदा खेळ समजला.

दुसरं, चार संधींत दहा यार्ड. एवढं एक गणित. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्यांना चार डावांत दहा यार्ड पुढे जायचं असतं. गेले तर पुन्हा चार संधी. पडद्यावर कोपऱ्यात लिहिलेलं असतं, तिसरा डाव, सात यार्ड बाकी. ते वाचत राहा, बाकीचं आपोआप कळतं. मैदानावर जी पिवळी रेषा दिसते ती तिथे नसते. ती टीव्हीवाले संगणकाने काढतात, १९९८ पासून. खेळाडूंना ती दिसत नाही, फक्त आपल्याला. माझ्या सासूबाईंना हे सांगितलं तर त्या म्हणाल्या, "म्हणजे कुठवर जायचं ते बघणाऱ्यालाच ठावं."

सासूबाईंचं सांगायलाच हवं. त्यांचं माहेर शिरोळकडचं, त्यांचे भाऊ तालमीत घुमलेले. गावात जत्रेला कुस्त्यांचं मैदान भरायचं, पण बायकांनी तिथे जायची रीत नव्हती. भाऊ जिंकला की हरला हे त्यांना हलगीच्या आवाजावरून घरात बसून कळायचं. मैदानाला लागणारे लाडू मात्र त्याच वळायच्या. पंचाहत्तराव्या वर्षी त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा, अमेरिकेत, टीव्हीवर, दोन गडी एकमेकांना कमरेत धरून पाडताना नीट बघितले. पहिल्यांदा कुणी पडला की त्या णमोकार म्हणायच्या. अर्ध्या तासाने णमोकार चालूच, पण मधेच म्हणाल्या, "ह्यानं खालनं धरलं, ते बरोबर. वरनं धरणारा पडतोय." ओठांवर मंत्र आणि डोळे पटावर. मला हसूही आलं आणि वाईटही वाटलं. साठ वर्षं त्यांना हे कळत होतं आणि कुणी विचारलं नव्हतं.

नोत्र दामचा पहिलाच हल्ला अठरा डावांचा होता, जवळजवळ पावणेदहा मिनिटं चालला. त्यांचा क्वार्टरबॅक रायली लेनर्ड पुन्हा पुन्हा स्वतःच चेंडू घेऊन गर्दीत घुसत होता, पडत होता, उठत होता. शेवटी त्यानेच टचडाउन केला. त्यानंतर ओहायो स्टेटने सलग ३१ गुण केले आणि मला वाटलं संपलं. आमच्या हॉलमधले निम्मे लोक फोनवर गेले. पण चौथ्या क्वार्टरपर्यंत ते पुन्हा ३१-२३ पर्यंत आले. मग तिसरा डाव, अकरा यार्ड बाकी. सगळे म्हणाले, आता वेळ काढतील, धावतील. आणि विल हॉवर्डने लांब फेकलेला चेंडू एकोणीस वर्षांच्या जेरेमाया स्मिथने झेलला, छप्पन्न यार्ड. ३४-२३. मी उभी राहून ओरडले. हे कबूल करते. वहिनी, हे तुम्ही ग्रुपवर घालू शकता.

पण मी कशाला ओरडले, हे सांगू द्या. त्या झेलात कुणी कुणाला मारलं नव्हतं. एक मुलगा धावला, दुसऱ्याने नेमका अंदाज घेतला. हा खेळ असाच नव्हता. १९०५ पर्यंत पुढे चेंडू फेकायची परवानगीच नव्हती, नुसती रेटारेटी, आणि दर हंगामात मुलं मरायची. त्या वर्षी अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या लोकांना व्हाइट हाऊसमध्ये बोलावून सांगितलं, हे सुधारा. १९०६ पासून पुढे फेक कायदेशीर झाली. कुणीतरी नीट बघितलं, मोजलं, आणि आवाज केला म्हणून ती झाली. पाठ फिरवणाऱ्यांमुळे नाही.

म्हणून माझा तिसरा नियम, आणि हाच खरा. कुणी पडून उठला नाही, की टीव्हीवाले लगेच जाहिरात लावतात. नेमकं तेव्हाच आपण उठतो. पाणी आणायला, भांडी उचलायला. उठू नका. बसा, आणि जाहिरात संपल्यावर तो मुलगा स्वतःच्या पायांनी गेला की दोघांनी धरून नेला ते बघा. तो पुन्हा मैदानात आला का, किती डावांनी आला, ते बघा. डोक्याने डोक्यावर आघात केला तर त्याला टार्गेटिंग म्हणतात. २०१३ पासून त्यासाठी खेळाडूला मैदानाबाहेर काढतात, पंधरा यार्डांचा दंडही होतो. पंच टीव्हीवर पुन्हा पुन्हा बघून ठरवतात. तेव्हा हॉलमधले लोक कुठल्या बाजूने बोलतात ते ऐका. आपल्या संघाचा खेळाडू असेल तर "काही नाही, चेंडूच्या मागे होता", दुसऱ्याचा असेल तर "काढा त्याला बाहेर". हिंसा कुठे बसलेली असते ते मला मैदानापेक्षा आमच्या सोफ्यावर जास्त दिसलं.

आपल्या आचार्यांनी यालाच अपध्यान म्हटलंय. अनर्थदंडाचा पहिला प्रकार. अमृतचंद्राचार्यांच्या पुरुषार्थसिद्ध्युपायात अपध्यानाच्या यादीत शिकार आणि युद्धाबरोबर जय-पराजयाचं चिंतनही घातलेलं आहे. दुसऱ्याचं वाईट व्हावं असं विनाकारण चिंतणं. ३० नोव्हेंबर २०२४ ला ओहायो स्टेट मिशिगनकडून १३-१० हरलं, मैदानाच्या मधोमध झेंड्यावरून मारामारी झाली आणि पोलिसांना मिरपूड फवारावी लागली. त्या रात्री आमच्या घरात, पाठशाळेत शिकवणाऱ्या माणसाच्या तोंडून, प्रशिक्षक रायन डे यांच्याबद्दल जे शब्द आले ते मी स्वयंपाकघरातून ऐकले आणि काही बोलले नाही. हॉलमध्ये असते तर बोलले असते. आता असते, आणि बोलते. आमच्याकडे एक नियम झालाय, समोरच्या संघाचा कुणी जखमी झाला आणि कुणी आनंदाने हूं केलं तर त्याने तिथेच खमावायचं, मोठ्याने. आमच्या ह्यांना जानेवारीत दोनदा म्हणावं लागलं.

काही जणी चेंडूचं बोलतात. चामड्याचा आहे म्हणे. आहेच. लोक त्याला डुकराचं कातडं म्हणतात, प्रत्यक्षात गाईच्या कातड्याचा असतो, विल्सनचे चेंडू इथून साधारण दीड तासावरच्या एडा गावात शिवले जातात. माझं त्यावर काही उत्तर नाही, ते वाईटच आहे. पण क्रिकेटचा चेंडू कशाचा असतो, मैत्रिणींनो? विश्वचषकाच्या वेळी पहाटे उठून मंदिराच्या हॉलमध्ये पडदा लावलात तेव्हा कुणालाच चामडं आठवलं नाही.

आणि कुणी म्हणेल, ती मुलं आपल्या मर्जीने खेळतात, शिष्यवृत्ती मिळते, त्यात आपण काय करायचं. हे मला पुरुषांपेक्षा बायकांनीच जास्त ऐकवलं. मर्जी म्हणजे काय हे आपल्याला तरी ठाऊक हवं. २०२१ पर्यंत या मुलांना स्वतःच्या नावावर चार पैसे कमवायलाही बंदी होती, आणि प्रशिक्षकांना तेव्हाही लाखो डॉलर मिळत होते. २०२५ च्या उन्हाळ्यात न्यायालयाच्या तडजोडीने विद्यापीठांना खेळाडूंना थेट पैसे द्यायची मुभा मिळाली, सगळ्या खेळांत मिळून वर्षाला साधारण दोन कोटी डॉलरची मर्यादा. ज्यांच्या डोक्यावर हा खेळ उभा आहे त्यांना वाटा मिळायला शंभर वर्षं लागली. आपल्या व्रतात अचौर्य आहे, पण हे आपल्या गप्पांत कधी आलं नाही. कसं येणार, आपण वडे मोजत होतो.

डोक्याचंही सांगते, कारण त्यावरच माझ्या घरातला वाद आहे. २०१७ साली बॉस्टन विद्यापीठाच्या डॉक्टरांनी मृत फुटबॉलपटूंच्या दान केलेल्या मेंदूंचा अभ्यास छापला. फक्त कॉलेजपर्यंत खेळलेल्या ५३ जणांपैकी ४८ जणांच्या मेंदूत वारंवार आघातांनी होणारा सीटीई नावाचा आजार सापडला. शाळेपर्यंतच खेळलेल्या १४ जणांत ३. हे लक्षात ठेवा की ज्यांना त्रास होता त्यांच्याच घरच्यांनी बहुतेक मेंदू दिले असणार, त्यामुळे दहातल्या नऊ मुलांना हा आजार होतो असं यातून म्हणता येत नाही. हे मी मुद्दाम लिहितेय. कारण माझ्या मुलाने हीच हरकत घेतली आणि ती बरोबर होती. "मम्मी, हा वेचक नमुना आहे." मी म्हटलं, खरं आहे. तरी १४ मधले ३ माझ्या डोळ्यांपुढून जात नाहीत. त्या अभ्यासात एक गोष्ट मला मॅच बघितल्यामुळेच कळली. धोका त्या एका मोठ्या धडकेचा नाही, जिला सगळे आहाहा करतात. धोका त्या मधल्या रांगेचा आहे. दर डावाला, दर सरावाला, डोक्याला डोकं. तिथे कुणी पडत नाही, म्हणून तिथे कुणी बघत नाही.

या वसंतात कागद पुन्हा आला, या वेळी नववीच्या संघाचा. या वेळी मी वाचला. पूर्ण. मग त्याच्याबरोबर बसले आणि विचारलं, कुठली जागा? तो हुशार आहे, म्हणाला, "किकर. किकरला कुणी हात लावत नाही, लावला तर पेनल्टी." मी म्हटलं, लाथ मारून फील्ड गोल करताना नाही लावत, खरं आहे. पण किकऑफनंतर चेंडू घेऊन सुटलेल्याला बाकी कुणी अडवू शकलं नाही, तर शेवटचा माणूस कोण? त्याने माझ्याकडे बघितलं. असं बघणं मी त्याच्या डोळ्यांत आधी कधी पाहिलं नव्हतं. मग म्हणाला, "किकर."

मी सही केली नाही. चार दिवस तो माझ्याशी धड बोलला नाही. आता क्रॉस-कंट्री पळतो, आणि अजूनही महिन्यातून एकदा विचारतो. दर वेळी नवा मुद्दा आणतो, आणि दर वेळी मला उत्तर शोधून ठेवावं लागतं. एखाद्या दिवशी माझ्याकडे उत्तर नसेल, ही भीतीही आहे. पण "आपल्यात असलं खेळत नाहीत" हे वाक्य आमच्या घरात पुन्हा आलेलं नाही. ते वाक्य आलं असतं तर आज ना उद्या त्याने माझी सही स्वतःच केली असती. दुसऱ्या एका घरात तसं झालंय, नाव सांगत नाही. त्या आईला संघाच्या फोटोवरून कळलं.

वहिनी, तुमचाही मुलगा सहावीत आहे. दोन वर्षांनी तुमच्या टेबलावर तो कागद येईल. तेव्हा त्याला काय सांगणार? अनुमोदना म्हणजे काय ते त्याला समजावून सांगणार, आणि तो विचारेल की मग त्या रात्री वडे कुणी केले?

सतरा जणींपैकी दोघींनी मला वेगळा निरोप पाठवलाय, ग्रुपवर सांगू नकोस म्हणून. त्या येताहेत. कोणते दोन संघ असतील ते अजून ठरायचंय, पण मैदान मायामीजवळचं आहे. चार वाजता खिचडी, कढी, भाजलेले पापड. या वेळी भाजीही करेन, दुधीची. पावणेपाचला ताटं उचलली जातील. त्यानंतर ज्यांचा चौविहार आहे त्यांना पाणीही नाही, ज्यांचा नाही त्यांनी स्वतः उठून घ्यायचं, आणि नळ कुठे आहे ते आमच्या घरातल्या पुरुषांना मी दाखवून ठेवलंय. तेलाची कढई माळ्यावर टाकली आहे. सासूबाई सांगलीहून व्हिडिओ कॉलवर असतील; तिकडे पहाटेचे सहा वाजलेले असतील, पण त्या म्हणाल्या, "मला मधल्या रांगेसमोर धर फोन."